भिवराआत्याची चूल

कडवळ्याच्या एस.टी. स्टँडवर उतरून कुणालाही विचारा, नदीकडची वाट कुठली. उत्तर लगेच मिळणार नाही. आधी म्हणतील, बसा. मग नाव, मग गाव, मग प्रवास कसा झाला, जेवण झालंय का. एवढं झाल्यावर वाट सांगतील, आणि तीही बरोबर सांगतील. शहरातली माणसं चिडतात. परवा एक साहेब गाडीतून न उतरताच विचारत होते. आमच्या चहावाल्या नाम्याने त्यांना खाली उतरवलं, बाकावर बसवलं, तेव्हा कुठे वाट दाखवली. तुम्हीही मघाशी घड्याळाकडे बघत होतात. बघा, हरकत नाही. पण कारण ऐकून मग खाली उतरा.

गाव तसं लहान. चार हजार वस्ती, मंगळवारचा बाजार, दहावीपर्यंत शाळा, एक दवाखाना. वरची आळी आणि खालची आळी अशा दोनच आळ्या, मधे मारुतीचं देऊळ. सगळं माळाच्या टेकाडावर. पाणी खाली, माणसं वर. पाहुण्यांना नवल वाटतं की एवढी येळी नदी दीड कोसावर असताना गाव उन्हात का बसलंय. तर गाव पूर्वी खालीच होतं. नदीच्या वळणावर जो सपाट तुकडा दिसतो, जिथे एकही झाड नाही, तिथे. आता तिथे फक्त चुलीचे तीन काळे दगड आहेत. त्यांची ही हकिगत.

असे सांगतात की येळीने त्या काळी काठ खायला सुरुवात केली. दरसाल दोन-चार घरं जात. एका साली कुंभारआळी सबंध गेली. त्यात भिवराचा भाऊ गेला, भावजय गेली, भाच्यांसकट घर गेलं. भिवरा त्या दिवशी माळावर गोवऱ्या वेचायला गेली होती म्हणून वाचली. ती गावचीच लेक. लग्नानंतर दोन वर्षांत नवरा वारला, तशी माहेरी परतली आणि भावाच्या भट्टीवर राबली. सगळं गाव तिला आत्या म्हणे. पुरानंतर आत्या म्हणणारे पुष्कळ उरले, पण संध्याकाळी वाट बघणारं कुणी उरलं नाही.

मग येसाजी पाटलांनी गाव हलवायचं ठरवलं. सत्तावीस घरं. देव उचलले, धान्य उचललं, गुरं हाकली. राहिला विस्तव. तेव्हा काड्यापेट्या कुठे होत्या? चकमक असे, पण ती वाटसरूंची सोय. गावाचा विस्तव पिढ्यान्‌पिढ्या एकच चालत आलेला, या चुलीतून त्या चुलीत. तो नव्या गावात न्यायचा तर नव्या चुली घडवून, सारवून, पुऱ्या वाळायला हव्यात. ओल्या चुलीत गावचा विस्तव घालणं अशुभ. म्हणजे चुली वाळेपर्यंत कुणीतरी खाली थांबून तो राखायला हवा.

पाटलांनी भिवराला बोलावलं. विस्तव राखण्यात तिचा हात बसलेला होता, आणि खरं बोलायचं तर तिच्यावाचून कुणाचं घर अडणार नव्हतं. हे दुसरं कारण कुणी बोललं नाही. तिला ते कळलं नसेल असं नाही. पण पाटील म्हणाले, "भिवरे, चुली वाळल्या की मी स्वतः तुला न्यायला येईन. विस्तव तुझ्या हाताने गावात चढेल. तू पुढं, गाव मागं." एवढा मान तिला जन्मात कुणी दिला नव्हता. ती म्हणाली, "तुम्ही बोलवाल तोवर हलणार नाही, पाटील." नदीला हात लावून तिने तसा शब्द दिला.

चैत्रात गाव वर गेलं. ती एकटी उरली. घरांची लाकडं काढून नेलेली, नुसत्या भिंती उभ्या; छप्पर राहिलं ते विस्तवाच्या एका घरावर. कुत्रीसुद्धा माणसांमागे गेली. पहिले आठ दिवस ती खुशीत होती म्हणे. काठची माती आणून तिने गाडगी घडवली, भाजली. दर घराला एक, अशी सत्तावीस. विस्तव न्यायला गाडगं लागणार, तळाशी राख, वर निखारा, त्यावर गोवरीचा तुकडा. ती गाडगी तिने भिंतीशी ओळीने मांडली आणि प्रत्येकाला घराचं नाव दिलं. हे पाटलांचं, हे गुरवाचं, हे सुताराचं. शेवटी एक अठ्ठाविसावं केलं. ते तिचं स्वतःचं. वर गेल्यावर तिलाही घर मिळणारच होतं ना.

आता वर काय झालं ते ऐका, आणि आमच्या पूर्वजांना हसायचं असेल तर खुशाल हसा. चुली वाळायच्या आधी खिंडीत लमाणांचा तांडा उतरला. खालच्या आळीतल्या कुणा बाईने, लेकरं कच्चं खाऊन कंटाळली म्हणून, त्यांच्याकडून मातीच्या परळातून विस्तव मागून आणला. शेजारणीने तिच्याकडून नेला, तिसरीने दुसरीकडून. विस्तव मागताना तो आला कुठून हे कुणी विचारत नसतं. दोन दिवसांत सत्तावीस चुली पेटल्या. वरच्या आळीला वाटलं, भिवराआत्या विस्तव घेऊन आली, राहिली असेल खालच्या आळीत. खालच्या आळीला वाटलं, ती वरच्या आळीत उतरली. पाटलांना वाटलं, चुली पेटल्या म्हणजे कुणीतरी तिला घेऊन आलं. नवी घरं, नवी शेतं, कामाचा डोंगर. एकानेही दुसऱ्या आळीत जाऊन आत्या कशी आहे म्हणून विचारलं नाही. कुणाच्या मनात पाप नव्हतं. तरी झालं ते झालं.

भिवराने टेकाडावर धूर पाहिला. आधी एक, मग सात-आठ, मग मोजता येईनात. ती अंगणात उभी राहून बघत राहिली. आपला विस्तव इथे, मग तो धूर कशाचा? तिने स्वतःची समजूत घातली की चुली भाजून बघत असतील, उद्या येतील. उद्या कुणी आलं नाही. वैशाख गेला, ज्येष्ठ गेला. ती चुलीपुढे बसून विस्तवाशी बोले. सांजेला एकेका गाडग्याला हाक मारून, जेवलात का, विचारी. नंतर नंतर तेही थांबलं.

निघून जावं असं तिला वाटलं नसेल? रोज वाटलं असेल. दीड कोसाची तर वाट. पण विस्तव टाकून गेली तर शब्द मोडला, आणि विस्तव घेऊन न बोलावता दारात उभी राहिली तर ती मागणारी झाली. आपल्याला विसरले हे तिला उमगलं होतं. फक्त कुणीतरी येऊन 'चल' म्हणावं, एवढंच तिला हवं होतं. तेवढ्यावर तिने सगळं माफ केलं असतं.

श्रावणात झड लागली. सात दिवस, सात रात्री. वर छपरं नवी, अजून न बसलेली, वारा आडवा. दोन्ही आळ्यांत पाणी शिरलं आणि एकूण एक चूल विझली. चकमकीने ठिणगी पडे, पण धरणार काय? सारं ओलं. त्यातच पाटलांची सून सगुणा बाळंत झाली. पोर थंडीने निळं पडायला लागलं, शेक द्यायला निखारा नाही. तेव्हा पाटील देवळात येऊन म्हणाले, "भिवराच्या चुलीत असेल. तिचा विस्तव विझायचा नाही. कुठं राहते ती?"

वरच्या आळीने खालच्या आळीकडे पाहिलं. खालच्या आळीने वरच्या. शेवटी म्हातारा गुरव म्हणाला, "ती वर आलीच नाही, पाटील."

पाटील आणि सात गडी घोंगड्या घेऊन उतरले. पडक्या भिंतींमधे एकाच घरातून धूर निघत होता. भिवराने त्यांना लांबूनच ओळखलं. ती उठली, लुगडं सारखं केलं, केसांवरून हात फिरवला, दारात आली. चार महिन्यांत पहिलं माणूस. पाटील धापा टाकत उंबऱ्याशी आले आणि म्हणाले, "विस्तव आहे का गं?"

ती म्हणाली, "आहे."

मग तिने विचारलं, "चुली वाळल्या का, पाटील?"

पाटील घाईत होते, डोळ्यांपुढे ते निळं पोर. त्यांच्या तोंडून गेलं, "अगं, केव्हाच्या."

एकेक गाडगं घेऊन तिने राख घातली, निखारा ठेवला, वर गोवरी ठेवली. सत्तावीस गाडगी भरून दिली. गड्यांनी ती काठीला बांधली, घोंगडीखाली धरली आणि वाट धरली. पाटील शेवटी निघाले. उंबऱ्यात थबकले. काहीतरी राहिलंय असं त्यांना वाटलं म्हणतात. भिवरा त्यांच्या तोंडाकडे बघत होती. पाटील म्हणाले, "घरात बाळंतीण आहे गं. येतो परत." ती म्हणाली, "जा. विझेल."

पोर वाचलं. त्याचाच वंश आज वरच्या आळीत नांदतोय. शेकाची ऊब लागल्यावर सगुणेने विचारलं, "ज्यांनी विस्तव दिला त्या आत्या कुठं आहेत? त्यांना आत बोलवा." पाटलांना तेव्हा समजलं काय राहिलं ते. उजाडताच ते एकटे धावत खाली गेले. घर झाडून स्वच्छ केलेलं. चुलीत राखसुद्धा नाही. भिंतीशी ओळीच्या शेवटी एक गाडगं पालथं ठेवलेलं, आणि भिवरा नाही. पाटलांनी काठाने चालत हाका मारल्या, "भिवरे, चल, न्यायला आलोय." घसा बसेपर्यंत मारल्या.

कुणी म्हणतं नदीने नेली. कुणी म्हणतं लमाणांच्या तांड्यात गेली. माझी आजी सांगे, ती चालत अशा एका गावी पोचली जिथे तिला कुणीतरी आधी बस म्हणालं. मला ते खरं असावंसं वाटतं. चुलीचे दगड मात्र त्या सकाळी गरम होते, आणि अजून कोमट लागतात म्हणे. शाळेतले गुरुजी म्हणतात, उन्हाने. असेल.

आजही श्रावणातल्या त्या दिवशी कडवळ्यात एकही चूल पेटत नाही, गॅससुद्धा नाही. सगळं गाव खाली उतरतं, रिकाम्या हातांनी. त्या दिवशी तिथे कुणी काही मागत नाही, नवससुद्धा नाही. पाटलांच्या घरातलं सगळ्यात थोरलं माणूस तीन दगडांपुढे उभं राहून म्हणतं, "भिवराआत्या, चुली वाळल्या. तुला न्यायला आलोय. चल." मग आम्ही थांबतो. म्हातारी माणसंही उभीच राहतात. नदीचा आवाज येत असतो. सांज होईतो थांबून वर येतो आणि मग चुली पेटवतो. वरच्या आळीत तिच्यासाठी बांधलेलं एका खोलीचं घर आहे. ते दरसाल सारवतो. त्यातली चूल कधीची वाळलेली आहे.

तर ही वाट. देवळाच्या डाव्या अंगाने सरळ खाली. आणि परत येताना इकडूनच या, जेवायला थांबा.