दगडूबाईचा अर्थ

बारशाला आलेले नामकोशकार भाऊसाहेब खुर्चीत बसायच्या आधीच कडाडले, “मुलीला पणजीचं नाव? दगडूबाई? त्याला ना मूळ, ना अर्थ!” कोपऱ्यात घुगऱ्या खाणारी पणजी ओशाळली.

वत्सलाआत्यानं हात जोडले. “मग ‘इर्विशा’ ठेवू?”

“वा! वेदातला शब्द. पहाटेचा पहिला किरण.”

“अगंबाई! मी तर तो आत्ता पाळणा हलवताना मनानंच जुळवला. आता खरा अर्थ लिहून घ्या, भाऊसाहेब. पणजीच्या आधीची तीन लेकरं गेली, ही तरी टिकावी म्हणून आईबापांनी हिला दगडू म्हटलं. पडताळायचं असेल तर बघा, नव्वदी ओलांडून समोर घुगऱ्या खातेय.”

आणि आत्या वाकली, बाळाच्या कानात कुर्र करून म्हणाली, “दगडू!”