देमाजीचा साकव

खारपेठेत आज शेवरी नदीवर पाच पूल आहेत. एकावरून रेल्वे जाते, एकावरून मुंबईच्या गाड्या. एक बाजारातला जुना दगडी. एक नवा, उंच, ज्यावर माणसं संध्याकाळी वारा खायला जातात. आणि पाचवा शहराच्या वरच्या अंगाला, पोफळवणाकडे जाणारा बुटका पूल. तो दर पावसाळ्यात पाण्याखाली जातो.

ही गोष्ट आहे तेव्हाची, जेव्हा या पाचांपैकी फक्त दगडी पूल होता, आणि बुटक्या पुलाच्या जागी साकव होता. त्याला किती वर्षं झाली हे विचारू नये. सांगणाऱ्याच्या आजालाही ते ठाऊक नव्हतं.

साकव म्हणजे लाकडाचा पूल. नदीत मेढी रोवायच्या, त्यांवर पोफळीचे सोट आडवे-उभे टाकायचे, आणि सगळं सुंभाने आवळायचं. दसऱ्याला साकव घालायचा आणि पावसाच्या तोंडावर काढायचा. पावसाचे चार महिने पोफळवणाची वाडी तुटलेली. त्या काठाने पेठेकडे येणारी एक वाट होती, पण ती कड्याखालून जायची आणि नदी चढली की पहिली तीच बुडायची. पोफळवणात ना वैद्य, ना सुईण. ज्याला जे काही लागायचं ते पावसाच्या आधी नाहीतर दसऱ्यानंतर लागावं, असाच तिथला रिवाज होता म्हणायचा.

एका वर्षी साकव वेळेवर काढला गेला नाही. पूर आला, साकव उखडला, आणि सगळे सोट वाहत जाऊन खाली दगडी पुलाच्या कमानींत अडकले. कमानी तुंबल्या. पाणी बाजारात शिरलं. त्या पुरात माणसं किती गेली ते कोणी मोजलं नाही, कारण मोजणारेही त्यांच्यातच होते, असं म्हणतात.

त्यानंतर साकवाचं काम देमाजीकडे आलं.

देमाजी बोलायला कमी आणि हाताला बळकट. त्याने साकव बांधायची रीतच बदलली. अलीकडच्या, पेठेच्या काठावर उंडीचं एक जुनं झाड होतं. साकवाचा प्रत्येक सोट त्याने एका लांब सुंभात ओवला आणि त्या सुंभाचं एक टोक उंडीला बांधलं. दुसरं टोक पलीकडे, खैराच्या खुंटाला. नदी चढू लागली की सोट मेढींवरून उचलले जायचे आणि तरंगायचे. मग देमाजी कोयती घेऊन पलीकडे जायचा, खुंटाची गाठ तोडायचा आणि साकवावर उडी टाकायचा. नदी साकवाला ढकलायची, आणि सगळा साकव दार मिटावं तसा फिरून अलीकडच्या काठाला लागायचा. टोकावर देमाजी उभा. काठावरची माणसं सोट ओढून वर घ्यायची. एक ढलपीसुद्धा दगडी पुलापर्यंत जायची नाही.

हे बघायला पेठ लोटायची. पोरं खांद्यावर, बायका छपरांवर. देमाजी मात्र काठाला लागला की पाय झटकून घरी जायचा.

गाठ कधी तोडायची हे देमाजीने ठरवून टाकलं होतं. नदीत एक धोंडा आहे, त्याला म्हातारी म्हणतात. अजून आहे. पाणी म्हातारीच्या गळ्याशी आलं की गाठ तोडायची. त्याच्या आधी नाही आणि त्याच्या नंतर तर नाहीच.

एकदा असंच पाणी गळ्याशी आलं होतं आणि देमाजी पलीकडे निघाला होता. पेठेतली पारू नावाची बाई त्याच्या आडवी आली. तिची बहीण पोफळवणात दिली होती, आजारी होती, आणि दीर तिला पाठीवर घेऊन निघाला आहे असा निरोप होता.

पारू म्हणाली, "देमाजीदादा, एक हाक मारून बघ रे. हाक पोचू दे एवढी."

देमाजी म्हणाला, "नदी थांबत नाय. मी कसा थांबू?"

आणि तो गेला, गाठ तोडली, साकव फिरला. काठाला लागल्यावर माणसांना पलीकडे दिसलं, की एक जण पाठीवर कुणाला तरी घेऊन खुंटाशी उभा आहे. तो बराच वेळ उभा होता. मग माघारी फिरला.

दसऱ्याला साकव पुन्हा घातला तेव्हा पारूची बहीण नव्हती.

पारूने देमाजीला बोल लावला नाही. पेठेनेही लावला नाही. कमानींतला तो पूर सगळ्यांना आठवत होता, आणि देमाजीचं बरोबरच होतं. पण त्या वर्षापासून देमाजीने सुंभ दुप्पट जाड वळायला घेतला, असं म्हणतात. का, ते त्याने सांगितलं नाही.

देमाजीची एकच लेक, येसू. बायको लवकर गेली, तेव्हा येसूला त्याची बहीण भागी हिने वाढवलं. भागी पेठेतली सुईण. अर्ध्या पेठेला तिनेच पहिली चापट मारली होती. येसू मोठी झाली, आणि तिला दिली तीही पोफळवणात. लोक म्हणाले, "बापाने साकव घातला तो लेकीला जायला." देमाजी यावर हसला म्हणतात, आणि तो हसलेला पाहिल्याचं सांगणारी पुष्कळ माणसं आहेत.

येसूला दिवस गेले. पहिलं बाळंतपण माहेरी, ही रीत. भागीने खाटेचे सुंभ नवे घातले, डिंक आणून ठेवला. पण येसूच्या सासूने निरोप धाडला, "पेरा होऊ दे, मग धाडते. आमच्याकडे हात कमी हायत." पेरा झाला. मग सासू म्हणाली, "शुक्रवारी दिस बरा हाय."

नदी गुरुवारी आली.

पेठेवर आभाळ कोरडं ठणठणीत होतं. माणसं पडवीत वारा घेत होती. पण वर घाटात कुठे तरी फुटलं असावं. भर दुपारी नदीला तांबडं पाणी आलं, आणि ते चढतं नव्हे, धावतं आलं. देमाजी कोयती घेऊन उंडीपाशी पोचला तेव्हा सोट मेढींवरून उचलले होते. पाणी म्हातारीच्या छातीशी होतं.

भागी मागून धापा टाकत आली. "दादा, पोरगी तिकडं हाय."

"ठाऊक हाय."

"तिचे दिस भरलेत. पावसात तिकडं अडली तर..."

"ठाऊक हाय म्हटलं ना."

तो साकवावर चढला. गुडघाभर पाण्यातून, डुलत्या सोटांवरून पलीकडे गेला. खुंटाशी उभा राहिला. कोयती उचलली.

मग त्याने ती खाली केली आणि वाडीच्या दिशेने तोंड करून हाक मारली.

"येसू गो!"

देमाजीला कोणी हाक मारताना आजवर ऐकलं नव्हतं. त्याची हाक अशी होती, की झाडांवरचे बगळे उठले आणि पेठेतल्या गाई उभ्या राहिल्या, असं म्हणतात. पण वाडी टेकाडावर. वरून काही आलं नाही.

पाणी म्हातारीच्या गळ्याशी आलं.

अलीकडे माणसं गोळा झाली होती. बाळशेट नावाचे व्यापारी होते, दगडी पुलालगत त्यांची वखार होती, आणि मागच्या पुरात त्यांचा भाऊ त्या वखारीत बुडाला होता. ते काठावरून ओरडले, "देमाजी! गळा बुडाला! तोड!"

देमाजीने दुसरी हाक मारली.

बाळशेट पुन्हा ओरडले, "अरे, नदी थांबत नाय! तूच म्हणायचास ना? आता तुझी लेक म्हणून थांबतोस?"

हे देमाजीला ऐकू गेलं. त्याची मान खाली गेली ती काठावरच्या सगळ्यांनी पाहिली. सोट आता एकमेकांवर आपटत होते, आणि साकवाला मधोमध बाक आला होता. माणसं आपापसात बोलू लागली. कोणी म्हणालं, तोडायला हवा. कोणी म्हणालं, आपण आपल्या लेकीला टाकू का. कोणी घराकडे पळालं, सामान माळ्यावर टाकायला.

तेव्हा पारू पुढे आली. तिने उंडीला बांधलेला सुंभ दोन्ही हातांनी धरला, पाय रोवले आणि बाळशेटना म्हणाली, "शेट, बोलता काय? इकडं या, धरा. हाक पोचू दे एवढी."

बाळशेटनी पगडी काढून भागीच्या हातात दिली आणि पारूच्या मागे सुंभ धरला. मग सगळ्यांनीच धरला.

देमाजीने तिसरी हाक मारली. आणि टेकाडावरून उत्तर आलं, पण येसूचं नाही, तिच्या सासूचं.

"आणतेय, आणतेय! बोंब काय मारतोस, इहीबुवा? पोटुशी बाई हाय, शेळी नाय उड्या मारायला!"

सासू पुढे, डोक्यावर बोचकं, एका हाताने येसूला धरलेली. येसू पायरी पायरीने उतरत होती, मध्येच पोट धरून थांबत होती.

नदीने मात्र तेवढं थांबायचं मनात आणलं नाही. काठाखालची माती सुटली आणि खैराचा खुंट दात निघावा तसा निघाला.

साकव जाणार, सोट सुटणार, कमानी तुंबणार. पण देमाजीने सुंभ धरला होता. त्याने तो खांद्यावरून घेतला, कमरेला एक वेढा दिला आणि नदीकडे पाठ करून, बैल चढण चढतो तसा काठावर ओणवा झाला. तोंड मातीला. सगळी नदी एका बाजूला आणि देमाजी दुसऱ्या. त्याच्या टाचा मातीत गेल्या, मग घोटे गेले, मग पोटऱ्या. खुंटाच्या जागी माणूस उभा होता आणि साकव हलला नाही, असं म्हणतात.

येसू त्याच्यापाशी आली. "आबा!"

"चढ."

"आणि तू?"

"मी येतो मागनं. दरसाल येतो ना? मला मागं दिसत नाय. चढलीस की सांग."

सासूने येसूला साकवावर चढवलं. बोचकं तिच्या मांडीवर टाकलं. स्वतः चढायला गेली, तर सोट गपकन बुडाले, म्हणून तिने पाय मागे घेतला. "जा गो," म्हणाली, "मी हितलीच हाय."

येसू सोटांवर बसली, सुंभ हाताला गुंडाळला, आणि तिने बापाला सांगितलं. ते शब्द दोन्ही काठांना ऐकू गेले.

"आले मी. सोड, आबा!"

देमाजीने सुंभ सोडला.

साकव फिरला. असा तो आधी कधी फिरला नव्हता. मधल्या धारेत त्याने चाकासारखा आवाज केला, असं म्हणतात, आणि लाटा दोन्ही अंगांनी भिंतीसारख्या उभ्या राहिल्या, पण येसूच्या पदराला पाणी लागलं नाही. काठावर माणसांनी ओढलं, पारूच्या हातांची सालं निघाली, बाळशेट दोनदा चिखलात पडले. साकव काठाला लागला तेव्हा येसूच्या ओच्यात मूल होतं, असं म्हणतात. भागीच्या घरचे सांगतात, की मूल संध्याकाळी झालं, भागीच्या खाटेवर, आणि चांगलं आडदांड होतं. दोन्ही खरं मानायला कोणाची हरकत नाही.

साकवाचा एकही सोट दगडी पुलापर्यंत गेला नाही.

येसूने काठावर पाय ठेवला आणि मागे वळून पाहिलं. साकवाच्या टोकावर कोणी नव्हतं. पलीकडे काठही नव्हता. देमाजी उभा होता तेवढी दरड नदीने घेतली होती. वर टेकाडाला टेकून सासू तेवढी दिसत होती, कपाळाला हात लावून.

तिने काय पाहिलं हे तिला पुढे पुष्कळांनी विचारलं. ती एवढंच सांगायची, "पोरीने सोड म्हटल्यावर इहीबुवांनी सोडलं. मग मान वळवून बघितलं, पोरगी कुठवर गेली. मग पाणी आलं."

दसऱ्याला नदी उतरली तेव्हा तिथे एक काळा धोंडा निघाला. तो आधी तिथे नव्हता, असं म्हणतात. त्याला अंगभर तिरकी खाच आहे, जाड सुंभ बसेल एवढी. त्या वर्षीचा साकव पारूने उभं राहून घालून घेतला, आणि पलीकडचं टोक त्या धोंड्याला बांधलं. पुढे येसूचा मुलगा साकव घालू लागला, मग त्याचे मुलगे. पलीकडे गाठ तोडायला जाणारा आधी हाक मारायचा, आणि उत्तर आल्याशिवाय कोयती उचलायचा नाही.

आता साकव नाही. बुटका पूल आहे, सिमेंटचा, आणि पाणी चढलं की नगरपालिकेचा माणूस त्याला साखळी लावतो. मध्यंतरी एकदा नवा माणूस आला होता, घाटावरचा. पाणी म्हातारीच्या गळ्याशी आलेलं पाहून त्याने मुकाट्याने साखळी उचलली. तेवढ्यात मागे रिक्षात बसलेला रिक्षावाला ओरडला, "ओ साहेब, हाक कोण मारणार? तुमचा आजा?" आणि खाली उतरून त्यानेच मारली.

आज पोफळवणात सगळ्यांकडे फोन आहेत. पलीकडे कोण राहिलं ते कोणालाही घरबसल्या विचारता येतं. तरीही पाणी गळ्याशी आलं की तिथल्या बायकांपैकी एक जण टेकाडावरून खाली येते आणि काळ्या धोंड्याशी उभी राहते. अलीकडून साखळीवाला हाक मारतो, "येसू गो! कोण राहिलंय काय?" एकदा, दोनदा, तीनदा. गाड्या थांबलेल्या असतात, पण त्या वेळी हॉर्न कोणी वाजवत नाही.

ती बाई मागे वळून टेकाडाकडे बघते. वाटेवर कोणी नाही याची खात्री करते. मग दोन्ही हात तोंडाशी धरून उत्तर देते.

"सगळ्या आल्या. सोड, आबा!"

आणि मगच साखळी लागते.