एलोजीचा रविवार

खाडीकाठच्या एका बंदरगावात एलोजी अष्टमकर नावाचा गिरणी कामगार राहत होता. घराणं बेने इस्राएली, म्हणजे कोकणातल्या ज्यूंचं, पिढीजात तेल गाळणाऱ्यांचं. शुक्रवारी सांजेला घरात दिवा लागला, की शनिवारच्या चांदण्या दिसेपर्यंत ही माणसं कामाला हात लावत नसत. गाव त्यांना ‘शनवार तेली’ म्हणे. त्यांचे बैलसुद्धा शनिवारी घाण्याला जुंपून घेत नसत, शिंगं उगारत. ज्याला पटत नसेल त्याने बैलांना विचारावं.

तेलगिरणीत मात्र सातही दिवस काम चाले. एलोजीने संप पुकारला, मालकाशी भांडभांड भांडला आणि सगळ्यांना आठवड्याला एक दिवस सुट्टी मिळवून दिली. गावाने त्याला खांद्यावर उचललं, ते थेट नगराध्यक्षाच्या खुर्चीतच खाली ठेवलं.

खुर्ची अजून गरमही झाली नव्हती, तोच झाडूवाली ठकूबाई आली. “एलोजीदादा, गिरणीला सुट्टी दिलीस. आमच्या खराट्याला कधी?”

एलोजी ओशाळला. “येत्या आठवड्यापासून दर शनिवार तुमचा,” त्याने सांगून टाकलं. “त्या दिवशी ज्याने त्याने आपलं दार झाडावं.” शनिवारसारखा दुसरा दिवस नाही, अशी त्याची लहानपणापासूनची खात्री.

शनिवार उजाडला. कोणी खराटा उचलेना. दुपारपर्यंत असा वास सुटला, की कावळे नाकं मुरडत पलीकडच्या गावी गेले. पालिकेचे सभासद पोपटशेट तडक एलोजीच्या दारी आले. एलोजी धुतलेले कपडे घालून ओट्यावर बसला होता. समोर कचऱ्याचा ढीग.

“काय अध्यक्ष, दार झाडलंत?”

“आज शनिवार, शेट. मला कामाला हात लावता येत नाही.”

“वा! विसावा तुमचा, पुण्य तुमचं, आणि कचरा तेवढा आमचा! सोमवारच्या सभेत ही सुट्टी रद्द करतो की नाही बघा.”

गिरणीमालकाचं म्हणणं एलोजीने कधी मानलं नव्हतं. शेटचं मानलं, कारण शेट खरं बोलत होते.

चांदण्या दिसल्या तसा एलोजी ठकूबाईकडे गेला. “बाई, शनिवार परत दे. रविवार घे.”

“आणि रविवारी झाडणार कोण?”

“मी.”

ठकूबाई इतकी हसली, की तोंडातलं पान अंगणात पडलं.

वास्तविक रविवार हाच एलोजीचा मोकळा दिवस. शनिवार देवाचा, बाकीचे पाच लोकांचे. रविवारी तो गळ घेऊन खाडीवर बसे. त्या रविवारी मात्र सकाळीच खराटा घेऊन निघाला आणि स्वतःचं दार झाडून झाल्यावर नेमका पोपटशेटच्या दारापाशी गेला.

शेट अंगातल्या नुसत्या बंडीवरच धावत बाहेर आले. “अहो, हे काय आरंभलंत! लोक बघतायत!”

“बघू देत. तुम्ही दार झाडता, की मीच झाडू?”

शेटच्या आधी शेटाणीच पदर खोचून बाहेर आल्या. मग शेजारीण आली, मग सबंध आळी. सोमवारच्या सभेत सुट्टी रद्द करायचा विषय काढायला कोणाची छाती झाली नाही.

पुढे कित्येक रविवार एलोजी झाडत राहिला. पोपटशेटांनी तो अपमान जपून ठेवला आणि पुढच्या निवडणुकीत त्याला पाडलं. खुर्ची गेली. ठकूबाईचा रविवार काही कोणाला काढून घेता आला नाही.

तात्पर्य: दुसऱ्याला विसावा द्यायचा तर तो आपल्या वाट्यातून द्यावा; लोकांच्या वाट्यातून दिलेला टिकत नाही.