चौसष्टावं घर

एका राज्यात तलवारीला कोणी विचारीत नसे; मान होता तो बुद्धिबळाच्या पटाला. तिथला राजा वीरबाहू. त्याच्या दरबारी कुंभाराची एक लेक होती, मृडानी. बाराव्या वर्षी तिने गावच्या पारावरल्या म्हाताऱ्यांना पाणी पाजलं. विसाव्या वर्षी पाठमोरी बसून तीन पंडितांना तीन पटांवर एकाच वेळी मात दिली. पुढे पश्चिमेच्या राजाने आपला अजिंक्य खेळाडू धाडला, तर त्याला तिने चक्क प्याद्याने मात दिली. आणि प्याद्याकडून मात खाणं म्हणजे त्या राज्यात नाक कापून घेणंच. दर विजयाला राजा तिच्या शालीवरचं एक घर सोन्याच्या तारेने भरवी. शालीवर घरं चौसष्ट, त्यातली त्रेसष्ट भरली होती. हरणं तिला ठाऊकच नव्हतं, आणि खरं सांगायचं तर तेच तिचं दुखणं होतं.

एके दिवशी कालकेतू नावाचा जादूगार दरबारात आला.

"राजा, तुझ्या मृडानीशी एक डाव."

"पैज काय?"

"पैज नाही, अट आहे. पटाशी एक साक्षीदार बसेल. पण पटाशी बसलेला माणूस गप्प राहत नाही, हे मी तिन्ही लोकांत पाहिलं. म्हणून डाव संपेतो तो पाषाण होईल. आणि डाव अर्धा असेतो या राज्यात दुसऱ्या कोणाचा मोहरा हलणार नाही."

मृडानीचा धाकटा भाऊ रैवत पुढे झाला. दुसऱ्याच्या डावात नाक खुपसण्याबद्दल त्याचा पंचक्रोशीत लौकिक होता. कालकेतूने मंत्र म्हटला, रैवत दगडाचा झाला, घरोघरचे मोहरे आपापल्या पटाला चिकटले, आणि डाव सुरू झाला.

सूर्य मावळला तेव्हा चाल मृडानीची होती. त्या राज्याची रीत अशी की, डाव अर्ध्यावर थांबला तर ज्याची चाल त्याने ती दरबारच्या साळुंकीच्या कानात सांगायची. दोघे पुन्हा समोरासमोर बसले की साळुंकी ती मोठ्याने बोलते. एकदा सांगितलेली चाल देवालाही बदलता येत नाही. मृडानी तिच्या कानाशी म्हणाली, "राजापुढचा घोडा." आणि घराच्या पायरीवर पाऊल ठेवते न ठेवते तोच तिला चूक कळली. उंट! हलवायचा होता उंट. घोडा हलला की राजा उघडाच पडतो.

सकाळी तिने निरोप धाडला, अंग मोडून आलंय. मग मुहूर्त सापडेना. मग ग्रह बरे नव्हते. अशी सात वर्षं गेली. राजाला ती सांगे, "मी हरले तर रैवत दगडच राहील, महाराज." असं कालकेतू कधी म्हणाला नव्हता आणि तिने त्याला विचारलंही नव्हतं. विचारलं असतं तर लपायला जागा उरली नसती.

मात्र ती स्वस्थ बसली नाही. आधी ती विस्मृतीच्या वनात गेली आणि तिथलं फळ घेऊन आली. साळुंकीने ते चवीने खाल्लं. आपलं नाव विसरली, आपलं झाड विसरली, राजालाही विसरली.

"आणि चाल?" मृडानीने विचारलं.

"ती आहे," साळुंकी म्हणाली. "तेवढीच आहे."

मग ती पाताळात उतरली. तिथे एक म्हातारा नाग होता. जगात खेळला गेलेला प्रत्येक डाव त्याच्या खवल्यांवर लिहिलेला. मृडानीने आपल्या घोड्याची चाल सांगितली आणि त्यापुढे वाचायची वाट विचारली. नागाने स्वतःला शेपटापर्यंत वाचलं.

"वाट नाही. अकराव्या चालीला मात."

"पुन्हा एकदा वाचा ना, आजोबा."

"वाचतो. पण अकराच."

शेवटी ती कालकेतूच्या डोंगरावर गेली. तो भुईमुगाच्या शेंगा सोलत बसला होता.

"डाव पहिल्यापासून मांडू या," ती म्हणाली.

"चालता डाव मोडायचा नसतो, हे तू त्रेसष्ट जणांना सुनावलंस."

मृडानीने मान खाली घातली. सात वर्षं गिळलेला प्रश्न तिने विचारला. "मी हरले तर माझा भाऊ?"

"डाव संपला की उठेल. हारजितीचं मी कधी म्हटलं?"

"म्हणजे ही सात वर्षं..."

"ती कोणामुळे गेली, ते मला विचारू नकोस."

मृडानी मटकन खाली बसली आणि रडली. तिला लाज वाटली, इतकी की शालीची सोन्याची तार अंगाला बोचू लागली. रडून झाल्यावर तिने डोळे पुसले. "चला," ती म्हणाली.

दरबार भरला. साळुंकीने मान वळवली आणि बोलली, "राजापुढचा घोडा." जाणत्यांनी कपाळाला हात लावला. मृडानीने मात्र घोडा उचलला आणि नव्या घरात ठेवला, मग एकेक चाल जीव ओतून खेळली. अकराव्या चालीला कालकेतूचं एक प्यादं एक घर सरकलं.

"शह आणि मात."

"मात," मृडानी म्हणाली, आणि तिने आपल्या हाताने आपला राजा आडवा केला. छातीवरची धोंड उतरली. हरल्यावर माणूस मरत नाही, हे तिला एवढ्या वर्षांनी कळलं.

तेवढ्यात पाषाण तडकला. रैवतने डोळे उघडले, आणि आळससुद्धा न देता तो ओरडला, "ताई, उंट! उंट हलवायचा होता गं! सात वर्षं आतून घसा फोडून सांगतोय मी!"

सगळा दरबार हसला. "म्हणूनच साक्षीदार दगडाचा बरा," कालकेतू म्हणाला, आणि उरलेल्या शेंगा खात आल्या वाटेने गेला.

मृडानी हसली नाही. "मला त्याच संध्याकाळी कळलं होतं रे, पायरीवरच. हरायची भीती वाटली, म्हणून तुला बसवून ठेवलं. मला क्षमा कर."

जन्मात पहिल्यांदा रैवत आपणहून गप्प बसला.

"घरी चल," तो अखेर म्हणाला. "भूक लागलीय. आणि जेवण झालं की हाच डाव मांड. तुझ्या बाजूने मी खेळणार."

नगरात घरोघरी मोहरे सुटले. सहा-सात वर्षांच्या पोरांनी घोड्याची अडीच घरांची उडी प्रथमच पाहिली आणि टाळ्या पिटल्या. राजाने विचारलं, "मृडानी, शालीचं शेवटचं घर रिकामंच ठेवायचं का?"

"भरा, महाराज. मातीच्या रंगाच्या धाग्याने. माझ्या बापाच्या अंगणात असते तशा मातीच्या."

विणकराने ते भरलं. पुढे कोणी शाल पाहायला आलं की मृडानी आधी त्याच घरावर बोट ठेवी आणि त्याच डावाची हकिकत सांगे. मधे मधे रैवत चुका काढी. चौसष्ट घरांची ही गोष्ट चौसष्टाव्या घरी पोचली. त्यांचा अडलेला डाव सुटला, तसा तुमचाही सुटो.