खोडलेला शब्द

एकदा एक वृद्ध भाष्यकार स्वतःच्या गौरवग्रंथात स्वतःचेच नाव घालवायला निघाले, त्याची ही गोष्ट.

चाळीस वर्षे ते वृत्तपत्रात परराष्ट्रांच्या राजकारणावर लिहीत. कोणता तह टिकेल, कोणते सैन्य सीमा ओलांडेल, हे लोक दर रविवारी त्यांच्या स्तंभातून जाणून घेत. या व्यवसायात एक मोठी सोय असते. भाकीत खरे ठरले तर लेखक त्याची वारंवार आठवण करून देतो आणि खोटे ठरले तर वाचक बिचारा विसरून जातो.

त्यांच्या शिष्याने तीन महिने खपून जुनी कात्रणे चाळली आणि भाकिते खरी ठरलेले चाळीस लेख निवडले. गुरूंनी यादी वाचली. मग नकाशांच्या पुस्तकातून एक पिवळे पडलेले कात्रण काढून ते म्हणाले, "हा लेख सगळ्यांत आधी घे."

शिष्याने वाचले आणि त्याचा चेहरा उतरला. बावीस वर्षांपूर्वी समुद्रापलीकडच्या एका देशाविषयी गुरूंनी लिहिले होते, 'युद्ध होणार नाही. तिथल्या आपल्या माणसांनी निर्धास्त राहावे.' लेख छापून आल्यावर नवव्या दिवशी तिथे बॉम्ब पडू लागले होते.

"सर, चाळीस वर्षांच्या कामावर आपल्याच हातानं बोळा फिरवायचा? एकच तर चुकला!"

गुरूंनी त्याच पुस्तकातून लेखाचे हस्तलिखित काढून त्याच्यापुढे ठेवले. तिथे 'युद्ध बहुधा होणार नाही' असे लिहिलेले होते आणि 'बहुधा'वर आडवी रेघ होती.

"ही रेघ संपादकांची नाही, माझी आहे. वाक्य लेचंपेचं वाटत होतं, म्हणून मारली."

हस्तलिखिताला एक पोस्टकार्ड टाचलेले होते. गुरूंच्याच शहरातल्या केळुसकर नावाच्या चित्रकलेच्या शिक्षकांनी ते लिहिले होते. 'माझा अनंत तिथे बंदरात क्रेन चालवत होता. परत येऊ का, असे त्याने फोनवर विचारले. मी त्याला आपला लेख वाचून दाखवला. तो थांबला. आता तो नाही. आपल्याला दोष देत नाही. एकच विचारतो, आपल्याला खात्री होती का?'

शिष्याने हलकेच विचारले, "तुम्ही काय कळवलंत?"

"काहीच नाही. साऱ्या जगाला सल्ले दिले रे, पण दोन पेठा पलीकडच्या माणसाला एक ओळ लिहायचं धैर्य झालं नाही."

ग्रंथ निघाला. पहिल्या पानावर त्या हस्तलिखिताचे छायाचित्र होते. पहिली प्रत घेऊन गुरू शिष्यासह केळुसकरांकडे गेले. थकलेल्या मास्तरांनी भिंग लावून ते पान पाहिले. बराच वेळ त्यांचे बोट त्या रेघेवर होते.

गुरू उभेच होते. म्हणाले, "मास्तर, खात्री नव्हती मला."

केळुसकरांनी भिंग खाली ठेवले. "हा शब्द छापला असतात ना, तर मी त्याला त्याच दिवशी बोलावून घेतलं असतं. मी फार भित्रा माणूस आहे हो."

एवढे बोलून ते रडू लागले. बावीस वर्षे ते स्वतःलाच दोष देत आले होते. गुरूंनी क्षमा मागितली नाही. ते त्यांच्याजवळ जमिनीवर बसून राहिले, आणि दोघांपैकी कोणाचेही सांत्वन झाले नाही.

परतताना गुरू म्हणाले, "भाकितं चुकतात, त्याचं पाप नाही. पण मला जेवढं ठाऊक होतं, त्याहून अधिक ठाऊक असल्याचं मी भासवलं. आपल्याला जे कळलेलं नाही, तेही वाचकाच्या हक्काचं असतं. त्याच्या घरचं कोणीतरी तिथं असतं. मी त्याचा हक्क खोडला."

शिष्याच्या पिशवीत त्याने स्वतः लिहिलेला येत्या रविवारचा लेख होता. दुसऱ्या एका सीमेविषयीचा, ठाम आणि डौलदार. त्यातही एक रेघ होती.

वृत्तपत्राच्या कार्यालयाच्या पायरीवर बसून त्याने खोडलेला शब्द पुन्हा लिहिला. वाक्य लेचेपेचे दिसू लागले. त्याने ते तसेच छापायला दिले.