वाटुलीची पाठवणी

फार पूर्वी, डोंगरांच्या कड्यात बसलेल्या एका गावात एक बाई होती. ती खरं बोलली आणि कुणालाच ते खरं वाटलं नाही. पुढे वाटलं, पण तोवर वाचवण्यासारखं काही उरलं नव्हतं.

त्या गावाला ना नदी, ना तळं. विहिरी होत्या, त्यांचं पाणी पार तळाशी. ते वर यायचं एका चांदणीमुळे. थंडी सरली की मावळतीच्या खिंडीवर ती दिसायला लागायची, तांबूस, चांगली बोराएवढी. ती आली की दूध उतू जायला यावं तसं पाणी तिच्या ओढीने वर चढायचं. जाणते म्हणत, पाणी तिला ओळखतं. बायका म्हणत, ओळखेल नाहीतर काय, ती याच गावची लेक. डोंगरापलीकडच्या आभाळात दिलेली, माहेरपणाला येते. तिच्या दिव्यातलं तेल सासरचं, ते संपायच्या आत तिने परत गेलं पाहिजे. तिचं नाव गावाने ठेवलं होतं वाटुली.

माहेरपण संपलं की दिवेलागणीला गाव तिची पाठवणी करायचं. पहिलं शिंग वाजलं की सगळ्यांनी खिंडीकडे पाठ करायची. दुसरं शिंग वाजेपर्यंत वळून बघायचं नाही. माहेरच्यांचा चेहरा दिसल्यावर कुठल्या लेकीचा पाय निघतो?

सगळ्यांच्या मागे, खिंडीच्या अंगाला, ही बाई ओटीचं ताट घेऊन उभी राहायची. तिचीही खिंडीकडे पाठच, नजर ताटातल्या दिव्यावर. "जा गं बाई, सुखाने नांद," एवढं म्हणायचा मान तिच्या घराचा. एकदा तरी वाटुलीला जाताना बघावं, असं तिला जन्मभर वाटत आलं. जन्मभर तिने मान वळवली नाही.

त्या वर्षी लसूण कधी नव्हे इतका तरारला होता. सगळ्यांना आणखी एक पाणी हवं होतं.

"चार दिवस जास्त राहिली तर सासरचं काय अडणार आहे तिच्या?" पाटलीण म्हणाली.

"तेल संपेल तिचं," बाई म्हणाली. "तुमच्या लसणापायी पोर विझवू नका."

"तुझ्या वाफ्यात लसूण नाही, म्हणून सुचतंय तुला."

बायका हसल्या. पण पाठवणी मोडायची म्हणजे देवाधर्माची भीती. सगळे खिंडीकडे पाठ करून उभे राहिले. वारा सुटला होता. बाईने ओवाळलं, शब्द म्हटले. दुसरं शिंग वाजलं, लोक वळले, तर रिकाम्या खिंडीच्या जागी वाटुली तशीच, उलट हातभर वर चढलेली.

कुणीतरी वळून बघितलं होतं.

आधी कुणाला वाईट वाटलं नाही. पाणी काठाला आलं, लोक खूश झाले. मग ते काठावरून सांडलं, वाफ्यांत शिरलं, घरांत शिरलं. लसूण जमिनीतच कुजला. वाटुली रोज मंद होत गेली. एका संध्याकाळी ती दिसली ती काजव्याएवढी, आणि बघता बघता विझली. पाणी खाली गेलं, ते पुन्हा वर आलं नाही.

मग गाव पारावर जमलं.

"हिनेच बघितलं," पाटील म्हणाला. "हिचा मान काढून घ्या आणि हिला गावाबाहेर घालवा."

"मी नाही बघितलं."

"खोटं बोलू नको. डोक्यावरचा पदरसुद्धा ढळला होता तुझा, इतकी वळली होतीस."

"हो की," पाटलीण म्हणाली. "खांद्यावर आला होता."

"मीसुद्धा बघितला," कुंभारीण म्हणाली. मग तेली म्हणाला, सुतार म्हणाला, सगळेच म्हणाले.

बाई ऐकत राहिली. मग म्हणाली, "पदर पडला होता, खरं आहे. वाऱ्याने पडला, शब्द म्हणताना. हातात ताट होतं, तरी दुसरं शिंग व्हायच्या आत मी तो सावरून घेतला. मी तुमच्या सगळ्यांच्या मागे होते. तुम्हाला तो दिसला कसा?"



बाई पाटलिणीजवळ गेली. तिचा आवाज आता भांडणाचा नव्हता. "कशी दिसत होती गं, जाताना?"

पाटलिणीने खाली बघितलं. "नव्या नवरीसारखी. मान खाली घालून चालली होती."

बाई पारावर बसली. साऱ्या गावाने ते बघितलं होतं, एकट्या तिने नव्हतं. आता कधी दिसणारही नव्हतं.

मग एक म्हातारा खाकरला. "पण आपण बघितलं म्हणून तिने थांबायचं? तिला नको का कळायला?"

"तेच तर," पाटील म्हणाला. "माहेराची हाव सोडवेना तिला."

सगळ्यांना एकदम हलकं वाटलं. लोक उठून घरी गेले. बाई एकटी पारावर बसून राहिली.

तात्पर्य: चूक सगळ्यांनी मिळून केली की ती कुणाचीच उरत नाही, जिला तोंड नाही तिच्या माथी जाते. त्या गावात आजही विहिरीत घागर कोरडी वाजली की बायका खिंडीकडे बघून बोटं मोडतात आणि एकच नाव घेतात: वाटुली.