तिथली पंगत

“पण अज्जा, त्या दुसऱ्या विश्वात मी ते वाक्य बोललोच नाही, हे तुम्हाला मान्य आहे की नाही?”

चन्नवीर बिराजदारचा आवाज चढला होता. मठाच्या स्वामींना आमच्याकडे लहानथोर सगळे अज्जा म्हणतात, आणि अज्जांपुढे आवाज चढवायची कुणाची छाती होत नाही. चन्नवीर परदेशातल्या विद्यापीठात भौतिकशास्त्र शिकवतो. त्याची होते.

अज्जा चौरंगावर बसले होते. मी जवळच पंगतीत होतो, आणि मला सपाटून भूक लागली होती.

“कुठलं वाक्य?” अज्जांनी विचारलं.

चन्नवीरने नजर वळवली.

ते वाक्य सगळ्या गावाला ठाऊक होतं. गेल्या वर्षी त्याची आई, सगळ्यांची अव्वा, वारली. हा विमानं बदलत पोचला तेव्हा माती देऊन झाली होती. भरल्या अंगणात तो आपल्या जुळ्या भावाला म्हणाला, “तू अव्वाला मारलंस. वेळेवर हैदराबादला नेलं असतंस तर जगली असती ती.”

कुणाला म्हणाला? वीरभद्रला. अव्वाच्या शेवटच्या दुखण्यात तिला रोज उचलून न्हाणीत नेणाऱ्या माणसाला. मला तेव्हाही राग आला होता, आजही येतो.

तेव्हापासून दोघांचं बोलणं बंद होतं. आज अव्वाचं पुण्यस्मरण, त्याचीच ही मठातली पंगत. वीरभद्रने अज्जांना सांगून ठेवलं होतं की आज चन्नवीरने शब्द परत घेतला तर तो माझा भाऊ, नाहीतर पुढच्या वर्षी मला बोलावू नका.

“विश्वं अनेक आहेत, अज्जा,” चन्नवीर म्हणाला. “जे जे घडू शकतं, ते कुठल्या ना कुठल्या विश्वात घडतंच. मागे परिषदेत अर्धं सभागृह माझ्यावर तुटून पडलं. जे दिसत नाही, मोजता येत नाही, ते विज्ञान कसलं म्हणाले. मी एक पाऊल मागे घेतलं नाही.”

“छान केलंस.”

चन्नवीर जरा गोंधळला. त्याने भांडायची तयारी करून ठेवली होती.

“तिथल्या चन्नवीरला माझा शरणार्थ सांग,” अज्जा नमस्काराला हात जोडत म्हणाले.

“निरोप जात नाही. इथून तिकडे काहीच जात नाही.”

“खीर?”

“खीरही नाही.”

“मग इथंच वाढ,” असं म्हणून अज्जांनी खिरीची बादली त्याच्याकडे सरकवली.

मठाची ही जुनी रीत आहे. मनात अढी घेऊन आलेल्याच्या हाती वाढपाची बादली द्यायची, आणि ज्याच्याविषयी अढी आहे त्याला पंगतीच्या शेवटच्या पानावर बसवायचं. त्या पानावर वाढून होईपर्यंत कुणी घास उचलायचा नाही. अज्जांनीसुद्धा.

“वाढतो की. घाबरतो काय मी?” चन्नवीर म्हणाला.

अज्जांच्या पानापासून त्याने सुरुवात केली. गव्हाची खीर होती, हुग्गी म्हणतात आमच्याकडे, अव्वाच्या हातची प्रसिद्ध होती. भराभर वाढत तो शेवटच्या पानाशी गेला आणि थांबला.

दोघं समोरासमोर आले तेव्हा पंगतीत कुजबुज झाली. एकाच दिवशी जन्मलेले भाऊ. एकाचे केस काळेभोर, दुसऱ्याचे पार पांढरे.

“चन्नवीर,” अज्जांनी लांबून हाक मारली, “प्रवासाला गेलेला जुळा तरुण राहतो आणि घरी थांबलेला म्हातारा होतो, असं तूच शाळेत येऊन पोरांना शिकवलंस ना?”

“त्याला प्रकाशाच्या जवळपासचा वेग लागतो, अज्जा!”

“असं होय?” अज्जा म्हणाले.

चन्नवीरने वगराळं बादलीत बुडवून वर काढलं. वीरभद्रने पानावर हात आडवा धरला.

“आधी शब्द परत घे.”

“एका विश्वात मी तो बोललेलोच नाही.”

“मग तिकडंच जा की जेवायला.”

कुणीतरी फिसकन हसलं. चन्नवीर लाल झाला. बादली घेऊन तो तरातरा अज्जांकडे परत आला.

“पाहिलंत? मी वाढायला गेलो, त्याने हात आडवा धरला. कुठल्यातरी विश्वात त्याने तो काढलाय. मला तेवढं पुरे.”

“मग तिथली पंगत जेवत असेल,” अज्जा म्हणाले.

इथली बसून होती. माझ्या खिरीवर साय धरायला लागली होती. तिकडे बायकांच्या रांगेत एक लेकरू रडायला लागलं.

“सापेक्षतेत सगळ्यांचं मिळून एक ‘आत्ता’ नसतंच,” चन्नवीर हट्टाने म्हणाला. “ज्याचं त्याचं वेगळं असतं.”

“पंगतीत एकच असतं.”

मठाचा कारभारी वाकून म्हणाला, “अज्जा, सकाळपासून पोटात काही नाही. गोळी घ्यायचीय. तुम्ही तरी घास घ्या.”

अज्जांनी नकारार्थी मान हलवली. त्यांचा हात थरथरत होता. तो त्यांनी मांडीखाली दाबून धरला.

ते चन्नवीरने पाहिलं, आणि तो भडकलाच.

“हा जुलूम आहे! उपाशी बसून तुम्ही माझ्याकडून कबुली काढताय!”

“मी कुठं काय मागितलं?”

चन्नवीरने बादली खाली ठेवली, दाराकडे पाहिलं, पुन्हा अज्जांकडे पाहिलं.

मग बादली उचलून तो परत शेवटच्या पानाशी गेला. वीरभद्रचा हात तिथंच होता.

“अण्णा,” तो म्हणाला. काही मिनिटं आधी जन्मलेल्या भावाला त्याने उभ्या जन्मात अण्णा म्हटलं नव्हतं. “तू नाही मारलंस अव्वाला. मी नव्हतो इथं. त्याचा राग तुझ्यावर काढला. चुकलो मी.”

आणि मान वर करून सगळ्या पंगतीला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाला, “पण सिद्धांत चुकलेला नाही!”

वीरभद्रने हात काढला.

“वाढ. जरा सढळ वाढ, अव्वासारखं.”

पानात खीर पडली. ‘हर हर महादेव’ झालं. सगळे एकदम जेवायला लागले. मला रडू येत होतं आणि मी जेवत होतो.

चन्नवीर रिकामी बादली घेऊन चौरंगापाशी आला. आता त्याच्या आवाजात मघाचा ताठा नव्हता.

“अज्जा... माझ्याच हिशोबाने असंही एक विश्व असणार. तिथं मी मघाशी बादली ठेवली आणि निघून गेलो.”

अज्जांचा पहिला घास ओठांपाशी थांबला.

“असेल,” ते म्हणाले. “तिथं मी अजून उपाशी बसलोय.”